पांढऱ्या चौकोनाचे निदान

गेमिंग पीसी दुरुस्तीला येतो आणि तक्रार एवढीच असते, की डेस्कटॉपवरचे गेमचे आयकॉन गेले, त्या जागी नुसते कोरे पांढरे कागद दिसतात. किंवा असे, की लायब्ररीत एका गेमवर भलत्याच गेमचे चित्र चढले आहे. या तक्रारीवरचे उपाय आपल्या धंद्यात जणू ठरून गेले आहेत. आधी आयकॉनची कॅश उडवायची. तेवढ्याने भागले नाही तर लाँचर काढून पुन्हा टाकायचा. आणि तरीही गिऱ्हाईक समोर उभेच असेल तर फॉरमॅट मारायचा. तिन्ही उपायांत एक गोष्ट समान आहे: ते चित्र मुळात येते कुठून, हे कोणी पाहिलेलेच नसते. आमचे म्हणणे असे, की गायब झालेला आयकॉन ही बहुधा पत्त्याची गडबड असते आणि चुकीचा आयकॉन ही ओळखीची. कॅशच्या माथी जेवढा दोष मारला जातो, तेवढा तिचा नसतो. म्हणून काहीही पुसण्याआधी शॉर्टकट वाचावा.

सर्वांत जास्त पाहण्यात येणारे उदाहरण स्टीमचे. स्टीम डेस्कटॉपवर ठेवतो तो शॉर्टकट गेमच्या एक्झी फाइलकडे जात नाही. ती यूआरएल प्रकारची साधी मजकूर फाइल असते, नोटपॅडमध्ये ओढली की उघडते. आत दोन ओळी कामाच्या असतात. एकीत स्टीमला दिलेला हुकूम असतो, की अमुक क्रमांकाचा गेम चालू कर. डोटा २ असेल तर ५७०, टीम फोर्ट्रेस २ असेल तर ४४०. दुसरीत आयकॉनच्या फाइलचा पूर्ण पत्ता असतो, आणि तो स्टीमच्या फोल्डरातल्या ‘स्टीम’ याच नावाच्या उपफोल्डरातील ‘गेम्स’ फोल्डरात जातो. तिथल्या आयसीओ फायलींची नावे म्हणजे अक्षरे आणि आकड्यांची चाळीस खुणांची लांबलचक माळ. या दोन ओळी एकमेकींपासून पूर्ण स्वतंत्र आहेत. म्हणूनच पांढऱ्या कागदावर डबलक्लिक केले तरी गेम व्यवस्थित सुरू होतो, आणि गिऱ्हाईक चक्रावते. गेम जागेवर आहे, हुकूम बरोबर आहे, फक्त चित्राच्या पत्त्यावर आता कोणी राहत नाही.

तो पत्ता ओस का पडतो, याचे उत्तर गमतीचे आहे. स्टीम दुसऱ्या ड्राइव्हवर हलवण्याची किंवा त्याची डागडुजी करण्याची व्हॉल्व्ह कंपनीने सांगितलेली रूढ कृती अशी: स्टीमअ‍ॅप्स फोल्डर, यूजरडेटा फोल्डर आणि स्टीमची एक्झी एवढे ठेवायचे, बाकी सगळे काढायचे आणि स्टीमला नव्याने उतरू द्यायचे. त्या ‘बाकी सगळ्यात’ आयकॉनचा गेम्स फोल्डरही जातो. गेम सुखरूप राहतात, सेव्ह राहतात, आणि डेस्कटॉपवर पांढऱ्या कागदांची रांग लागते. म्हणजे लाँचर काढून पुन्हा टाकणे हा ज्या दुखण्यावरचा उपाय मानला जातो, त्या दुखण्याचे कारणच पुष्कळदा तो असतो. आजार रेड्याला आणि औषध पखालीला, यापलीकडची ही तऱ्हा: इथे औषधानेच आजार होतो. खरा उपाय फार छोटा आहे. लायब्ररीत त्या गेमवर राइट क्लिक करून मॅनेज या मेनूतून डेस्कटॉप शॉर्टकट नव्याने घ्यायचा, म्हणजे स्टीम आयकॉन पुन्हा उतरवून घेतो. क्वचित उतरवत नाही. तेव्हाही हरकत नाही, कारण कोणत्या नावाची फाइल हवी आहे हे जुन्या शॉर्टकटातच लिहिलेले असते. दुसऱ्या चालू मशीनवरून ती फाइल आणून त्याच नावाने त्या फोल्डरात ठेवली की काम झाले. एपिक गेम्सच्या शॉर्टकटातही हुकूम आणि चित्र वेगळेच असतात, मात्र तिथे चित्राचा पत्ता गेमच्या एक्झीकडे जातो. त्यामुळे गेम दुसऱ्या ड्राइव्हवर हलवला की आयकॉन कोरा पडतो.

आता कॅशविषयी. ती कधीच बिघडत नाही असे आम्ही म्हणत नाही. म्हणणे एवढेच, की ती बिघडली तर तिच्या खुणा वेगळ्या असतात आणि त्या तपासता येतात. विंडोजची आयकॉन कॅश स्टीमला, एपिकला किंवा वर्डला वेगळी ओळखत नाही. ती सगळ्यांची चित्रे एकत्र साठवते. ती खरोखर खराब झाली असेल तर फटका गेमपुरता राहणार नाही. एक्सेलच्या फाइली, ब्राउझर, फोल्डर यांतही कुठे ना कुठे भलते चित्र दिसेल. इतर सगळे ठीक आणि फक्त स्टीमचे गेम पांढरे असतील, तर कॅशला दोषी धरायला पुरावा काय? आणखी एक चाचणी आहे, तिला काही सेकंद लागतात. विंडोज ७पर्यंत ही कॅश मुख्यतः एकाच लपवलेल्या फाइलीत असे. विंडोज ८पासून ती एक्सप्लोररच्या फोल्डरात आकारानुसार वेगवेगळ्या फायलींत ठेवली जाते: १६, ३२, ४८, ९६, २५६ अशा. डेस्कटॉपवर राइट क्लिक करून आयकॉन मध्यमचे मोठे करून पाहा. मोठ्या आकारात चित्र नीट आले आणि मध्यम आकारात जुने किंवा कोरे राहिले, तर कॅशवर संशय घ्यायला जागा आहे; ती जरूर उडवा. सर्व आकारांत कोरेच असेल, तर आधी पत्ता पाहा.

पत्त्याच्या गडबडीचा एक प्रकार गेल्या काही वर्षांत वाढला आहे आणि तो हमखास नजरेतून सुटतो. विंडोजमध्ये वनड्राइव्हचा फोल्डर बॅकअप चालू केला, की डेस्कटॉप सगळ्या मशीनवर एकच होतो. घरच्या पीसीवर टाकलेल्या गेमचे शॉर्टकट लॅपटॉपच्या डेस्कटॉपवरही अवतरतात. पण सिंक होतो तो शॉर्टकट, आयकॉनची फाइल नाही. लॅपटॉपवर स्टीम नसेल किंवा वेगळ्या ड्राइव्हवर असेल, तर तिथे पांढरा कागद दिसणारच. अशा मशीनवर कॅश दहादा उडवली तरी फरक पडायचा नाही. त्याहून वाईट म्हणजे तंत्रज्ञाने लॅपटॉपवर त्या शॉर्टकटातला पत्ता दुरुस्त केला, तर तीच फाइल घरच्या पीसीवर पोहोचते आणि तिथला चांगला चाललेला आयकॉन जातो. दोन दिवसांनी गिऱ्हाईक दुसरे मशीन घेऊन येते. इथे दोन्हीकडे स्टीम एकाच पत्त्यावर ठेवणे, नाहीतर गेमचे शॉर्टकट डेस्कटॉपऐवजी स्टार्ट मेनूत ठेवणे, एवढेच मार्ग आहेत. बॅकअप चालू आहे का, हा प्रश्न विचारल्याशिवाय त्यातला एकही सुचत नाही.

चुकीच्या चित्राची गोष्ट निराळी. तिथे फाइल हरवलेली नसते. ती सापडते, पण दुसऱ्याची. स्टीम आपल्या दुकानातल्या गेमला क्रमांकाने ओळखतो, त्यामुळे त्याच्याकडे सहसा घोटाळा होत नाही. पण क्रमांक तोच राहून गेम बदलला तर? सप्टेंबर २०२३मध्ये काउंटर-स्ट्राइक २ आला तो ग्लोबल ऑफेन्सिव्हच्याच ७३० क्रमांकावर. जुन्या शॉर्टकटात जुन्या आयकॉनच्या फाइलचे नाव कोरलेले असते. ती फाइल डिस्कवर पडून असेल तोवर विंडोज इमानेइतबारे तीच दाखवणार. याला बिघाड म्हणता येणार नाही. नवा शॉर्टकट घ्यावा, विषय संपला. नावावरून ओळख पटवणाऱ्या प्रोग्रामांत मात्र खरी पंचाईत आहे. प्लेनाइटसारख्या लायब्ररीत हाताने जोडलेल्या गेमची चित्रे आयजीडीबीसारख्या माहितीसाठ्यातून नाव जुळवून आणली जातात. आणि गेमच्या कंपन्यांना जुनी नावे पुन्हा वापरण्याचा भारी सोस. प्रे नावाचा एक गेम २००६चा, दुसरा २०१७चा. डूम १९९३चा आणि २०१६चा. टूम रेडर १९९६चा आणि २०१३चा. नीड फॉर स्पीड मोस्ट वाँटेड २००५चा आणि २०१२चा. यंत्राने त्यातला कोणता उचलायचा? इथे कॅश उडवली तर प्रोग्राम पुन्हा त्याच नावाने शोधणार आणि पुन्हा तेच चुकीचे चित्र आणणार. नोंद उघडून योग्य वर्षाचा गेम हाताने निवडून देणे, हाच उपाय.

स्टीममध्ये बाहेरून जोडलेले गेम याच वर्गात येतात. त्यांना दुकानाचा क्रमांक नसतो, म्हणून स्टीम स्वतःच एक क्रमांक देतो. गिऱ्हाईकाने हौसेने लावलेली चित्रे यूजरडेटातल्या ग्रिड फोल्डरात त्याच क्रमांकाच्या नावाने असतात. उभ्या चित्राच्या नावाला शेवटी पी अक्षर, मोठ्या पट्टीला हीरो, नाममुद्रेला लोगो. गेम काढून पुन्हा जोडला, की त्याला नवा क्रमांक मिळू शकतो आणि चित्रे जुन्या क्रमांकाची म्हणून पोरकी होतात. ती गेलेली नसतात. फोल्डर उघडून नावे बदलली की परत येतात. हे ठाऊक नसलेला माणूस नेमका तोच फोल्डर ‘जुना कचरा’ म्हणून साफ करतो.

यावर पहिला आक्षेप येईल तो वेळेचा. दुकानात रांग आहे, कॅश उडवायला एक मिनिट लागते आणि त्याने नुकसान काही नाही. मग एवढे निदान कशाला? विंडोजच्या आयकॉन कॅशपुरते हे खरे आहे, ती पुन्हा तयार होते. पण हात तिथे थांबत नाही. तिने भागले नाही की स्टीमचे फोल्डर उडवणे सुरू होते, आणि त्यात यूजरडेटा गेला तर स्क्रीनशॉट जातात, हाताने लावलेली चित्रे जातात आणि क्लाउडवर अजून न चढलेले सेव्हही जातात. व्हॉल्व्हची कृती तो फोल्डर राखायला सांगते ती उगीच नाही. स्टीम रीतसर अनइन्स्टॉल केला, तर त्याच्या फोल्डरातले गेमही सोबत निघतात. बाल्डर्स गेट ३साठी १५० जीबी जागा लागते. तेवढा डेटा ४० एमबीपीएसच्या जोडणीवर अखंड वेगाने उतरवायचा तर आठ तासांहून जास्त वेळ जातो, आणि तालुक्याच्या गावी तो वेग अखंड मिळेलच असे कोण म्हणेल? शॉर्टकट नोटपॅडमध्ये उघडायलाही एकच मिनिट लागते. वेळेचा हिशेबच करायचा तर तो पूर्ण करू या.

दुसरा आक्षेप असा, की हे वरवरचे प्रकरण आहे. गेम चालतो ना, मग चित्राचे कौतुक कशाला? शेकडो गेमच्या लायब्ररीत माणूस नावे वाचत नाही, चित्रे शोधतो, हे एक उत्तर. पण तंत्रज्ञाच्या दृष्टीने महत्त्वाचे उत्तर वेगळे आहे. कोरा आयकॉन ही पुष्कळदा पहिली सूचना असते. ज्या शॉर्टकटचे चित्र थेट एक्झीतून येते, तो अचानक कोरा पडला तर अँटिव्हायरसने ती एक्झी उचलली असेल, बाहेरच्या ड्राइव्हचे अक्षर बदलले असेल, किंवा डिस्क मधूनमधून नाहीशी होत असेल. शेवटच्या शक्यतेत कॅश उडवून मशीन परत देणे म्हणजे गिऱ्हाईकाचा डेटा घालवणे. उलट बाजूही ध्यानात घ्यावी: शॉर्टकटला कोणतेही चित्र लावता येते, त्यामुळे चित्र ओळखीचे आहे म्हणून फाइलही भरवशाची, असे धरता येत नाही. पत्ता वाचण्याची सवय इथेही उपयोगी पडते.

तिसरा आक्षेप आम्हाला अर्धा मान्य आहे: हे काम कंपन्यांचे आहे. स्टीमला गेमचा क्रमांक ठाऊक असतो आणि हरवलेली आयसीओ फाइल कोणती हेही. सुरू होताना तो फोल्डर तपासून भर घालणे त्याला जड नाही. एक्सबॉक्स अ‍ॅपने तर दुसरे टोक गाठले आहे. तिथे चित्रे पॅकेजच्या आतच असतात, आणि ती शोधायला म्हणून कोणी विंडोजअ‍ॅप्स फोल्डरची मालकी स्वतःकडे घेतली तर स्टोअरमधले इतर प्रोग्रामही अडू शकतात. तिथे सेटिंग्जमधल्या रिपेअरच्या पुढे जाऊ नये. पण कंपन्या सुधारतील तेव्हा सुधारतील, मशीन आज टेबलावर आहे.

वाचकांना विनंती एवढीच. जॉबकार्डवर ‘आयकॉन प्रॉब्लेम’ असे मोघम लिहू नका. चित्र गायब आहे की चुकीचे, एकाच गेमचे की सगळ्यांचे, डेस्कटॉपवर की लायब्ररीतही, आणि वनड्राइव्हचा बॅकअप चालू आहे का, एवढे मशीन घेतानाच विचारून टिपून ठेवा. आणि यूजरडेटाची प्रत वेगळ्या ड्राइव्हवर घेतल्याखेरीज स्टीमच्या फोल्डरातली एकही फाइल डिलीट करू नका.