अपघाताचा दावा आणि न्यायासनाचे अंतर

पुणे-बंगळूर महामार्ग कागल ओलांडून कोगनोळीजवळ येतो तेव्हा राज्य बदलते, रस्ता बदलत नाही. त्या रस्त्यावर ज्याला मृत्यू गाठतो त्याला सीमारेषेचे भान नसते. ते येते मागे उरलेल्यांना. खानापूरचा एखादा कर्ता पुरुष कोल्हापूरजवळ अपघातात दगावला, धडक देणारा ट्रक तिसऱ्याच राज्याचा निघाला आणि विमा कंपनीचा कारभार चौथ्याच शहरातून चालत असला, तर त्याच्या विधवेने नुकसानभरपाई मागावी तरी कोणत्या न्यायासनापुढे? हा प्रश्न वरकरणी वकिलांचा दिसतो. वस्तुतः तो त्या घरच्या चुलीचा आहे.

न्यायासन कोणत्या प्रकारचे असावे, हा वाद आता संपल्यात जमा आहे. १९३९ च्या मोटार वाहन कायद्यात १९५६ साली दुरुस्ती होऊन अपघाताच्या दाव्यांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरणांची तरतूद झाली आणि दिवाणी दाव्याच्या दीर्घ व खर्चिक वाटेतून पीडितांची सुटका झाली. १९८८ च्या कायद्याने तीच व्यवस्था पुढे चालविली. जेथे न्यायाधिकरण आहे तेथे दिवाणी न्यायालयाला या दाव्यांना हात घालता येत नाही. ग्राहक मंचाकडे जावे, तर तोही मार्ग सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली बंद केला. तेव्हा उरतो तो एकच प्रश्न : न्यायाधिकरण खरे, पण ते कोणत्या गावचे?

१९८८ च्या मूळ कायद्याचे उत्तर कठोर होते. जेथे अपघात, तेथेच अर्ज! घरापासून दीडशे कोसांवर अपघात झाला, तर तेवढी पायपीट प्रत्येक तारखेला करणे वारसांच्या नशिबी आले. १९९४ च्या दुरुस्तीने हा अन्याय दूर केला. अपघाताचे ठिकाण, अर्जदाराच्या वास्तव्याचे वा व्यवसायाचे ठिकाण आणि प्रतिपक्षाच्या वास्तव्याचे ठिकाण, यांपैकी कोठल्याही न्यायाधिकरणाकडे अर्ज करण्याची मुभा मिळाली, आणि ही निवड कायद्याने अर्जदाराच्या हाती ठेवली. पुढे २०१६ साली तर, ज्या शहरात विमा कंपनीचे कार्यालय आहे तेथील न्यायाधिकरणाने दिलेला निवाडा केवळ हद्दीच्या मुद्द्यावर रद्द करणे सर्वोच्च न्यायालयाने अमान्य केले. कायदा पीडिताच्या हितासाठी आहे आणि त्याचा अर्थही त्याच बुद्धीने लावला पाहिजे, हे सूत्र त्यामागे आहे.

यावर आक्षेप घेणारे म्हणतात की, पंचनामा, साक्षीदार आणि पोलीस हे सारे अपघातस्थळी असतात. मग सुनावणी अन्यत्र कशासाठी? या म्हणण्यात काहीच तथ्य नाही असे आम्ही म्हणणार नाही. तथापि २०२२ पासून लागू झालेल्या नियमांनी अपघाताचा प्राथमिक अहवाल ४८ तासांत आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत देण्याची जबाबदारी पोलिसांवर टाकली आहे. कागद प्रवास करू शकतात. लंगडा झालेला मजूर आणि तान्हे मूल कडेवर असलेली विधवा करू शकत नाही. विमा कंपन्यांना गावोगाव कार्यालये आणि वकील आहेत. ज्याला प्रवास परवडतो त्यानेच तो करावा, हाच न्याय्य नियम होय.

भाषेचा प्रश्न मात्र अधिक बिकट आहे. २०२३ साली सर्वोच्च न्यायालयापुढे एक प्रकरण आले. अपघात दार्जिलिंग जिल्ह्यातला, वारस उत्तर प्रदेशातले, आणि त्यांनी दावा आपल्या गावी लावलेला. वाहनमालकाने साक्षीदारांच्या भाषेची अडचण सांगून तो बंगालमध्ये हलवावा अशी मागणी केली. न्यायालयाने ती नाकारली, हे योग्यच झाले. परंतु हिंदी ही राष्ट्रभाषा असल्याने साक्षीदारांनी हिंदीतून बोलावे, हे जे कारण त्या आदेशात आले ते आम्हांस मान्य नाही. राज्यघटनेने हिंदीला संघराज्याची राजभाषा म्हटले आहे, राष्ट्रभाषा नव्हे. साक्षीदाराने आपल्याच भाषेत बोलावे आणि भाषांतराचा भार न्यायासनाने उचलावा, हाच यावरचा सरळ उपाय आहे. ज्यांच्या घरात मराठी, पोलीस ठाण्याच्या कागदांत कन्नड आणि निवाड्यात इंग्रजी, अशा आमच्या वाचकांना याचे मर्म वेगळे समजावून सांगावे लागणार नाही.

म्हणूनच सीमाभागातील कुटुंबांनी काही गोष्टी ध्यानी धराव्यात. निवड तुमची आहे. ती दलालाच्या हाती देऊ नका. एकाच अपघाताचे अर्ज निरनिराळ्या उच्च न्यायालयांच्या हद्दींत गेले, तर पहिला टिकतो व नंतरचे तेथेच वर्ग होतात, असा दंडक सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली घालून दिला आहे. म्हणून आधी आपसांत एकमत करा. अपिलाची वाटही या निवडीवरच ठरते. बेळगावच्या निवाड्यावरील अपील धारवाडच्या खंडपीठाकडे जाते. कोल्हापूरच्या निवाड्यावरील अपिलासाठी पूर्वी मुंबई गाठावी लागे, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरातच सर्किट बेंच आहे. अर्जाला सहा महिन्यांची मुदत एप्रिल २०२२ पासून पुन्हा आली आहे. केवळ विलंबासाठी अर्ज फेटाळू नयेत, असा अंतरिम आदेश सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२५ मध्ये दिला हे खरे. पण त्या आधारावर स्वस्थ बसणे शहाणपणाचे नाही.

आमची मागणी माफक आहे. सीमेलगतच्या प्रत्येक न्यायाधिकरणात मराठी व कन्नड या दोन्ही भाषांचा अधिकृत भाषांतरकार असावा, आणि शेजारच्या राज्यातील पोलिसी कागदांचे भाषांतर सरकारी खर्चाने व्हावे. कायद्याने न्यायासन पीडिताच्या दारापर्यंत आणले आहे. आता त्या दारात उभ्या असलेल्या माणसाचे बोलणे आत ऐकू गेले पाहिजे. एरवी दार जवळ असून उपयोग काय?