बागायतदाराचें ताट आणि मधुमेह

पणदरे व त्याच्या आसपासचीं गांवें नीरेच्या डाव्या कालव्यावर भिजतात, आणि ऊस हें येथील मुख्य पीक आहे. अशा मुलखांत मधुमेहासंबंधीं एक समज फार घट्ट रुजला आहे. साखर वाईट, पण गूळ चालतो, हा तो समज होय. साखर सोडलेला मनुष्य गुळाचा चहा घेतो, जेवणानंतर गुळाचा खडा तोंडांत टाकतो आणि आपण पथ्य पाळीत आहों असें मानतो. हा समज खोटा आहे; आणि तो खोटा आहे हें ओळखण्यास ऊस पिकविणाऱ्याइतका अधिकारी दुसरा कोणी नाहीं.

काहिलींत रस आटतो तेव्हां पाणी जातें, मळी काढली जाते. साखर कोठेंही जात नाहीं. चांगल्या गुळांत तीन चतुर्थांशाहून अधिक भाग उसाच्या साखरेचाच असतो. त्यांत थोडें लोह व क्षार असतात हें खरें. परंतु तेवढ्यासाठीं गूळ खाणें म्हणजे मूठभर खतासाठीं साऱ्या वावरांत पाट फोडून देणें होय. रसाचेंही तेंच. पक्व उसाच्या रसाचा ब्रिक्स १८ ते २० भरला म्हणजे आपण समाधान पावतों. तोच रस बर्फावांचून २०० मिलिलिटर प्यालों, तर सुमारें ३५ ग्रॅम साखर एकदम पोटांत जाते. कित्येक गृहस्थ जुन्या वैद्यकाचा हवाला देऊन गुळाची वकिली करितात. त्यांनीं चरकसंहिता उघडून पाहावी. तींत प्रमेहाच्या कारणांमध्यें बैठें सुख, अति झोंप, दहीं व नवें धान्य यांच्या जोडीस गुळाचे पदार्थ सांगितले आहेत.

हा रोग कसा चढतो हें आपणांस जमिनीवरून चांगलें समजेल. कालव्याचें पाणी आलें, पीक वाढलें, आणि पाणी जितकें अधिक तितकें बरें असें वाटून आपण देत गेलों. निचरा पुरेना. पाणी आंतल्या आंत वर चढत राहिलें, आणि वर मिठाचा पांढरा थर दिसूं लागला तेव्हां कोठें जमीन खारवट झाल्याचें ध्यानांत आलें. मधुमेहही असाच पुष्कळ वर्षें मुकाट्यानें वाढतो. तहान, वारंवार लघवी, वजन घटणें हीं लक्षणें उशिरां येतात. कित्येकांस तर पायाची जखम चिघळल्यावर किंवा दृष्टि मंदावल्यावरच कळतें. म्हणून तिशी ओलांडलेल्यानें वेळोवेळीं रक्त तपासून घ्यावें. उपाशीं पोटीं साखर १२६ किंवा अधिक, अथवा तीन महिन्यांची सरासरी दाखविणारी चाचणी ६.५ टक्के किंवा अधिक आली, आणि दुसऱ्या तपासणींतही तसेंच दिसलें, तर मधुमेह समजतात. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या २०२३ सालीं प्रसिद्ध झालेल्या पाहणीनुसार देशांत सुमारें १० कोटी मधुमेही असून त्याच्या उंबरठ्यावर १३ कोटींहून अधिक लोक आहेत.

आपण सडपातळ आहों म्हणून आपणांस भय नाहीं, असेंही कोणी मानूं नये. पुण्याच्या के. ई. एम. रुग्णालयाचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनीं १९९३ पासून पुणें जिल्ह्यांतील सहा खेड्यांत गरोदर स्त्रियांचा व त्यांच्या मुलांचा अभ्यास चालविला. वजनानें लहान भरणाऱ्या अर्भकांच्या अंगींही चरबीचें प्रमाण तुलनेनें अधिक असतें, असें त्यांत आढळलें.

आतां ताटाकडे वळूं. आजोबा चार भाकऱ्या खात, म्हणून नातूही खातो. पण आजोबा नांगरामागें चालत, आणि नातू ट्रॅक्टरवर बसतो व बांधापर्यंत मोटारसायकलीनें जातो. श्रम उतरले, ताट उतरलें नाहीं. शिवाय तें बदललेंही. आपल्याच तालुक्याच्या जिराईत अंगास, सुपें-मोरगांवकडे, शाळू पिकतो. बागायतदार मात्र सारें रान उसाला देऊन गहूं-तांदूळ विकत आणतो. आमचें स्पष्ट मत आहे कीं, ज्याला पाणी आहे त्यानें घरापुरता दहा गुंठे तरी शाळू करावा. मोहोळच्या केंद्रांत निवडलेली मालदांडी ३५-१ सर्वांच्या ओळखीची आहे. हिशेबाच्या वहींत ही गोष्ट तोट्याची दिसेल; दवाखान्याचा खर्च त्याच वहींत मांडावा.

तथापि भाकरी म्हणजे औषध नव्हे. ज्वारींतही पिष्ट आहे, आणि तिसरी-चौथी भाकरी साखर वाढविल्यावांचून राहत नाहीं. निम्में ताट पालेभाजी, वांगीं, दोडका, गवार यांनीं भरावें. पाव भागांत मटकी, कुळीथ, हरभरा किंवा अंडें असावें, आणि उरलेल्या भागांत भाकरी अथवा भात. भाजी व उसळ आधीं खाऊन भाकरी मागाहून खाल्ली तर साखर कमी चढते. जेवणानंतर पंधरा-वीस मिनिटें चालण्याचाही उपयोग होतो. एकादशीस साबुदाण्याची खिचडी खाण्यापेक्षां त्या दिवशीं न उपवास केलेला बरा, कारण साबुदाणा म्हणजे निव्वळ पिष्ट. आणि इन्शुलिन घेणाऱ्यानें तर डॉक्टरांस विचारल्यावांचून उपवास धरूंच नये.

सर्वांत अवघड प्रकरण चहाचें आहे. दोन चमचे साखरेचे सहा कप म्हणजे सुमारें ५० ग्रॅम साखर. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१५ च्या शिफारशीप्रमाणें ती २५ ग्रॅमच्या आंत असलेली उत्तम. पण आपल्याकडे चहा नाकारणें हा यजमानाचा अपमान समजतात, आणि मधुमेही मनुष्य भिडेपायीं घरोघरीं थोडें थोडें विष घेतो. येथें दोष पाहुण्याचा नसून यजमानाचा आहे. आपल्या संघाच्या सभांत साखर वेगळी ठेवून चहा देण्याची रीत पाडावी. ज्याला हवी तो घालून घेईल.

गुळाची एक जागा मात्र आहे. इन्शुलिन किंवा साखर उतरविणाऱ्या कांहीं गोळ्या घेणारा शेतकरी रात्रीच्या विजेवर दारें धरावयास एकटा जातो. जेवण लांबलेलें असतें, चिखलांत श्रम होतात, आणि अकस्मात् घाम, कंप, डोळ्यांपुढें अंधारी येते. ही साखर उतरल्याची खूण होय. अशा मनुष्यानें खिशांत गुळाचा खडा किंवा साखरेची पुडी बाळगावी आणि तीन चमचे साखर किंवा तितकाच गूळ तत्काळ खावा. पंधरा मिनिटांत बरें न वाटल्यास पुन्हां घ्यावा, व मग भाकरी खावी. शुद्ध हरपलेल्याच्या तोंडांत कांहीं घालूं नये, त्यास तडक दवाखान्यांत न्यावें. आणि ही गोष्ट घरांतील सर्वांस व शेतावरील गड्यासही आधींच सांगून ठेवावी.