प्रसंग कोणता?

आमच्या घरांत सध्यां एक वाद चालू आहे. घरांतला वाद घरांतच मिटवावा हें खरें. पण त्यांतील विषय इतका जुना व इतका थोर आहे कीं, तो वाचकांपुढें मांडल्यावांचून मला राहवत नाहीं. वादाला निमित्त झाली आमची मधली नात. ती नऊ वर्षें भरतनाट्यम् शिकत आहे. या खेपेस तिच्या गुरुबाईंनीं वार्षिक कार्यक्रमासाठीं तिच्यावर एक नवीच कामगिरी सोंपविली: सहा मुलींचा एक नृत्यप्रबंध स्वतः रचून बसवावयाचा. झालें, दिवाणखान्यांतील कोच भिंतीला लागले, सतरंजी गुंडाळली गेली, आणि रोज सायंकाळीं सहा मुलींच्या पावलांखालीं आमची जुनी फरशी दणाणूं लागली.

माझे ज्येष्ठ बंधु झोपाळ्यावर बसून आठ दिवस हें पाहत होते. नवव्या दिवशीं त्यांनीं विचारलें, "बाळ, प्रसंग कोणता?"

"कोणताच नाहीं, मोठे आजोबा."

"म्हणजे? सीता कोण, शूर्पणखा कोण, कांहीं ठरलें असेलच ना?"

"कोणी कोणी नाहीं. जतिस्वर आहे. नुसतें नाचायचें."

"मग ही कवाईतच म्हणावयाची!" असें म्हणून त्यांनीं वर्तमानपत्र उघडलें. त्या रात्रीं नात माझ्या खोलींत आली आणि हळूच म्हणाली, "आजोबा, याच्यावर बसेल असा एखादा श्लोक द्याल का? कृष्णाचा असला तरी चालेल. मग कोणी विचारणार नाहीं."

श्लोक देणें मला अवघड नव्हतें. मुलांना श्लोक देण्यांत व त्यांचा अन्वय लावून घेण्यांतच उभा जन्म गेला. परंतु "मग कोणी विचारणार नाहीं" हे शब्द मनाला लागले. एकदां वर्गांत एका मुलानें मेघदूतांतील कांहीं श्लोक केवळ मंदाक्रांतेच्या चालीच्या गोडीनें पाठ करून म्हणून दाखविले. अर्थ विचारला तेव्हां त्याला तो येईना, आणि मीं त्याला बाकावर उभें केलें. त्या मुलाचा चेहरा मला त्या रात्रीं आठवला. श्लोकाऐवजीं मीं कपाटांतून भरतमुनींचें नाट्यशास्त्र काढलें.

त्या ग्रंथाच्या चौथ्या अध्यायांत एक कथा आहे. भरतमुनि शंकरापुढें 'अमृतमंथन' आणि 'त्रिपुरदाह' असे दोन प्रयोग करून दाखवितात. शंकर प्रसन्न होतात. परंतु एक सुधारणा सुचवितात. सायंकाळीं आपण जें नृत्त करतों, नाना करणांनीं व अंगहारांनीं शोभणारें, तेंही यांच्या पूर्वरंगांत घाला, असें ते म्हणतात; आणि तें शिकविण्यास तंडूची योजना होते. पुढें एकशेंआठ करणांचीं लक्षणें येतात. करण म्हणजे हाताची व पायाची एक संयुक्त हालचाल. अशीं करणें ओंवून अंगहार होतो. हें सर्व ऐकल्यावर ऋषि अगदीं माझ्या बंधूंप्रमाणेंच प्रश्न करतात. अभिनय निर्माण झाला तो अर्थ पोंचविण्यासाठीं. हें नृत्त तर गीताच्या अर्थाशींही बांधलेलें नाहीं. मग तें निर्माण केलें तरी कशास? यावर मुनि सांगतात कीं, नृत्ताला कसल्याही अर्थाची अपेक्षा नाहीं. तें शोभा उत्पन्न करतें म्हणून प्रवृत्त झालें. लोकांना तें स्वभावतःच प्रिय आहे, आणि विवाह, जन्मोत्सव अशा मंगल वेळीं तें आनंदासाठीं केलें जातें. एवढेंच. हा अध्याय मीं पूर्वीं अनेकदां वाचला होता. पण प्रश्न विचारल्याबद्दल मुनि ऋषींवर रागावले नाहींत, ही गोष्ट त्या रात्रीं प्रथमच ध्यानांत आली.

दहाव्या शतकांत धनंजयानें 'दशरूपका'त याची वांटणी अधिक स्पष्ट केली. नाट्य रसावर उभें, नृत्य भावावर, आणि नृत्त केवळ ताल व लय यांवर. आज आपण 'नृत्य' हा एकच शब्द सर्रास वापरतों, त्यामुळें हा तिसरा प्रकार आपल्या बोलण्यांतून हरपला आहे.

दुसरे दिवशीं सकाळीं चहाच्या वेळीं मीं हें सर्व बंधूंना वाचून दाखविलें. त्यांनीं शांतपणें ऐकून घेतलें, आणि मग जें उत्तर दिलें तें कवाईतीच्या थट्टेपेक्षां फार निराळें होतें. ते म्हणाले, "कैलासावरच्या गोष्टी मला सांगूं नकोस. आपल्यासारख्या घरांतून मुलींना नाच शिकूं दिला तो देवादिकांच्या कथा त्यांत होत्या म्हणून. कथा असली म्हणजे लोक सीतेकडे पाहतात. कथा नसली म्हणजे आपल्या मुलीकडे पाहतात."

मीं घाईनें मालविकेचा दाखला दिला. आम्हां विदर्भवासीयांना ती आपल्या घरचीच. 'मालविकाग्निमित्रां'त गणदास व हरदत्त या दोन नाट्याचार्यांचा कलह लागतो, तेव्हां परीक्षक म्हणून बसलेली परिव्राजिका अशी अट घालते कीं, सर्वांगाचें सौष्ठव नीट दिसावें म्हणून पात्रांनीं वेषभूषेचा भार न घेतां रंगावर यावें. अंगाची रेषा हाच परीक्षेचा विषय, असें कालिदासाच्या काळीं एक संन्यासिनी निःसंकोचपणें म्हणूं शकत होती, हें मला दाखवावयाचें होतें. पण बंधूंनींही कालिदास वाचलेला आहे. "आणि ती स्पर्धा कशासाठीं जुळवून आणली होती?" त्यांनीं विचारलें. "राजाला मालविका दिसावी म्हणूनच ना? परिव्राजिकाही त्या कटांत सामील होती." या मुद्द्यावर मला निरुत्तर व्हावें लागलें, हें कबूल केलें पाहिजे.

त्यांचें म्हणणें इतिहासाला धरूनही आहे. मद्रासेकडे सादिर या नांवानें चालत आलेलें नृत्य ज्या स्त्रियांनीं पिढ्यान् पिढ्या जतन केलें, त्यांच्याकडे समाजानें पाठ फिरविली. आणि 1935 च्या अखेरीस रुक्मिणीदेवी अरुंडेल यांनीं अड्यार येथें जाहीर प्रयोग केल्यावर तीच कला भक्तीचें वस्त्र लेवून ब्राह्मण घरांत शिरली. मूळच्या घराण्यांतील लेकींच्या वांट्याला त्या मानाचा फारच थोडा अंश आला. आमच्याकडे मुंबईस 'मेनका' या नांवानें गाजलेल्या लीला सोखी यांनीं कथ्थकाचीं समूहनृत्यें रंगभूमीवर आणलीं, 1938 मध्यें खंडाळ्यास 'नृत्यालयम्' काढलें. तथापि त्यांनाही 'कृष्णलीला' वा 'मालविकाग्निमित्र' अशा कथांचाच आधार घ्यावा लागला. कथा हें नुसतें कलेचें अंग नव्हतें. तें अब्रूचें कवच होतें.

परंतु याच कलेच्या पोटांत कथारहित भाग किती मोठा आहे, आणि त्यांत मराठी राज्याचा हात किती आहे, हें आपल्याकडे फारसें कोणी सांगत नाहीं. तंजावरास सरफोजीराजे (दुसरे) 1798 ते 1832 पर्यंत गादीवर होते. चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम् व वडिवेलु या चार बंधूंना तंजावरच्या दरबारचा आश्रय होता. अलारिप्पू, जतिस्वर, शब्द, वर्ण, पद, तिल्लाना असा जो क्रम आज प्रत्येक विद्यार्थिनी शिकते, तो घडविण्याचें श्रेय या चौघांकडे जातें. त्यांपैकीं अलारिप्पूंत फक्त मृदंगाचे बोल. जतिस्वरांत फक्त स्वर, साहित्याचा शब्दही नाहीं. तिल्लान्यांत बहुतेक सर्व निरर्थक अक्षरें. स्वतः सरफोजीराजांच्या नांवावर मराठी नृत्यरचना आहेत. त्यांच्या निरूपणांत एका कथेच्या सूत्रांत अठरा जिन्नस ओंवलेले असतात. त्यांत पदें व वर्ण आहेत, तसेच अलारू व सोल्लू हे नृत्ताचे जिन्नसही आहेत. बंधूंना त्यांतली कथा आवडली. मला ते जिन्नस. या मराठी रचना पुन्हां रंगभूमीवर आणण्याचें मोठें काम मुंबईस आचार्य पार्वतीकुमार यांनीं केलें, आणि पुण्याच्या डॉ. सुचेता भिडे-चापेकर यांनीं त्यांवर अभ्यास करून, पुढें 'नृत्यगंगा' या नांवानें भरतनाट्यम् हिंदुस्थानी संगीतावर बसविलें.

तंजावरचीच आणखी एक गोष्ट. तेथील बृहदीश्वराच्या मंदिरांत, वरच्या मजल्यावरच्या प्रदक्षिणामार्गांत, एकशेंआठ करणें शिळांवर कोरण्यास घेतलीं होतीं. एक्यायशीं पुरीं झालीं. पुढचे सत्तावीस दगड तसेच कोरे बसविलेले आहेत. हजार वर्षें ते कोणी कोरले नाहींत कीं काढले नाहींत. नातीला हें सांगितलें तेव्हां ती बराच वेळ कांहीं बोलली नाहीं.

पाश्चात्यांच्या बॅलेचा प्रवास या बाबतींत मोठा मननीय आहे. एकोणिसाव्या शतकांत बॅले म्हणजे शापित राजकन्या, हंस, पऱ्या, असा थाट असे. सेंट पीटर्सबर्ग येथें 1904 सालीं जन्मलेला जॉर्ज बॅलन्शीन हा त्याच राजाश्रयी परंपरेंत शिकला. पण अमेरिकेस गेल्यावर त्यानें कथा, देखावे, जड पोषाख हीं एकेक करून उतरविलीं आणि व्याकरण मात्र राखलें. पायांच्या पांच स्थिति, टांचेपासून मानेपर्यंतची ती जुनी शिस्त, सगळी तीच. म्हणून त्या पद्धतीला 'नव-अभिजात' म्हणतात. 'कॉन्चेर्टो बारोक्को' (1941) हें त्याचें नृत्य बाखच्या दोन व्हायोलिनांच्या रचनेवर आहे. दोन प्रमुख नर्तकी जणूं तीं दोन व्हायोलिनेंच. 1951 पासून तें साध्या सरावाच्या कपड्यांत होऊं लागलें. परिव्राजिकेचीच अट ती, मात्र येथें कोणी अग्निमित्र कट करीत नव्हता! 1957 च्या 'अगॉन'मध्यें बारा नर्तक आहेत, संगीत स्ट्राव्हिन्स्कीचें आहे, आणि गोष्ट म्हणून सांगावी असें कांहीं नाहीं.

त्याचें 'सेरेनेड' कसें रचलें गेलें तें नातीला फार आवडलें. 1934 सालीं न्यूयॉर्कच्या नव्या शाळेंत त्यानें शिष्यांना घेऊन हें नृत्य बांधावयास घेतलें. पहिल्या संध्याकाळीं सतरा मुली आल्या, मुलगा एकही नाहीं. म्हणून आरंभ सतरा जणींचा. दुसऱ्या दिवशीं नऊच आल्या, त्यानंतर सहा. जितक्या आल्या तितक्यांचा भाग त्या दिवशीं बांधला. एक मुलगी घसरून पडली, एक उशिरा आली, तींही त्या नृत्यांत कायमचीं राहिलीं. चायकोव्हस्कीच्या संगीताचे शेवटचे दोन खंडही त्यानें उलटसुलट लावले. कथा नसल्यामुळें त्याला कोणाची समजूत काढावी लागली नाहीं. कथाकाराला सीता उशिरा आली तर पंचाईत पडते.

ही चर्चा रंगांत आली असतां आमच्या घरांतून, म्हणजे स्वयंपाकघरांतून, एक वाक्य आलें. "चाळीस वर्षें उंबऱ्यापाशीं ठिपक्यांची रांगोळी काढतें आहें. भाऊजींनीं कधीं विचारलें नाहीं, प्रसंग कोणता म्हणून." बंधु हंसले. मींही हंसलों, पण मनांत थोडा खजील झालों. कारण भरत, धनंजय आणि बॅलन्शीन यांना घेऊन मी जेथें पोंचलों नव्हतों तेथें ती एका वाक्यांत पोंचली होती. तथापि बंधूंची मूळ शंका रांगोळीनें फिटत नाहीं. रांगोळीला शरीर नसतें.

त्या शंकेपुढें माझ्याजवळ अजूनही पुरतें उत्तर नाहीं. घडलें तें मात्र सांगतों. फाल्गुनांत सहापैकीं एका मुलीला दहावीच्या परीक्षेमुळें सोडावें लागलें. जोड्या मोडल्या. गुरुबाईंनीं सुचविलें कीं, पांच जणींना सरकवून ओळ सारखी करावी. नातीनें तसें केलें नाहीं. तिनें सहावीची जागा मोकळीच ठेवली, आणि रचना अशी फिरविली कीं, प्रत्येक चरणांत पांचांपैकीं एक जण त्या मोकळ्या जागेंत येते, तेथें एक आवर्तन नाचते, आणि ती आपल्या जागीं परततांच दुसरी निघते. जतिस्वराचा पल्लवी पुनःपुन्हां येतो, त्या वेळीं ती जागा पुन्हां रिकामी. पायांना ताल तोच, अडवू तेच; पण आतां पाहणाऱ्याची नजर एकीवर ठरत नाहीं. ती जाणारीकडून येणारीकडे, आणि तेथून त्या मोकळ्या चौकाकडे वळते.

हें बसविलें त्या संध्याकाळीं दिवाणखान्यांत दिवे लावलेले नव्हते. तालीम संपली, मुली पाणी पिण्यास आंत गेल्या, आणि झोपाळ्यावरून आवाज आला, "तूं म्हणतेस तसें असेल. पण मीं कार्यक्रमाला येऊन पाहायचें तरी कोठें?"

"मधल्या मोकळ्या जागेकडे पाहा, मोठे आजोबा."

"आणि तिथें कोण आहे?"

"परीक्षेला बसली आहे ती."

बंधूंनीं वर्तमानपत्राची घडी घातली आणि मला म्हणाले, "पुढच्या रांगेचीं तिकिटें काढ. मला लांबचें दिसत नाहीं." कार्यक्रम चैत्रांत आहे. श्लोक मीं अद्याप दिलेला नाहीं, आणि तिनेंही पुन्हां मागितलेला नाहीं.