कोळसा कामगाराचा पगार मोजणाऱ्यांसाठी

वेतन करार झाला की चंद्रपूर-बल्लारपूरच्या टपऱ्यांवर एकच विषय. "वेकोलिवाल्यांची मजा आहे भाऊ, बसून पैसे." २०२३ मध्ये अकरावा करार झाला तेव्हा तर ऐकवत नव्हतं. पगार चांगला आहे, मान्य. तो लढून मिळवलाय. १९७३ च्या राष्ट्रीयीकरणाआधी खासगी मालक काय हातावर टेकवायचे, ते लालपेठच्या जुन्या माणसांना विचारा.

पण "बसून"? भूमिगत खाणीत कोळशाच्या तोंडाशी पोहोचेपर्यंतच पाय भरून येतात. उजेड डोक्यावरच्या दिव्याचा, तेवढाच. छत ठोकून बघायचं, आवाज पोकळ आला तर मागं सरायचं. आणि शेवटी ज्या कोळशाच्या खांबांनी छत धरलंय, तेच काढत काढत मागं यायचं. डिपिलरिंग म्हणतात त्याला. मागं छत कोसळू द्यायचं असतं, हाच त्या कामाचा भाग.

बरं, ज्यांच्या पगारावर तुम्ही जळता त्यांच्याच शेजारी आता ठेकेदाराचा पोरगा उभा असतो. धूळ दोघांच्या नाकात सारखीच. त्याच्या कमी पगारावर निदान अधूनमधून कोणी बोलतं तरी. त्याच्या छातीचं काय?

कोळशाची धूळ फुफ्फुसात बसते आणि धाप लागते ती कित्येक वर्षांनी. न्यूमोकोनिओसिस. कायद्याने भरपाई मिळणारा आजार आहे हा. १९५५ च्या खाण नियमांत कामावर घेताना तपासणी आणि नंतर जास्तीत जास्त पाच वर्षांनी पुन्हा, असं लिहिलंय. ठेका दोन-तीन वर्षांचा. पाच वर्षं भरणार कधी? टेंडर बदललं, ठेकेदार बदलला की पोरगा कागदावर परत नवा. (खाण तीच, गॅलरी तीच, कधीकधी हेल्मेटसुद्धा तेच.) पन्नाशीत दम लागला तर भरपाई कोणत्या ठेकेदाराच्या दारात मागायची?

त्यात कोल इंडियाने बंद पडलेल्या भूमिगत खाणी महसूल-वाट्यावर खासगी कंपन्यांना द्यायला घेतल्यात. म्हणजे असे पोरगे वाढणार.

पुढच्या गेटसभेला कोणत्याही झेंड्याचे नेते येऊ द्या, बोनसचं विचारून झालं की हेही विचारा: ठेका कामगारांचे एक्स-रे कुठं आहेत? ठेकेदार बदलला तरी जुनी फाईल पुढं का जात नाही? आणि तिची एक प्रत त्या पोराच्या घरी का नाही?