कात्री कुणाच्या हातात?

आपले दुःख दुसऱ्याच्या वर्तमानपत्रात दुसऱ्याच्या सोयीनेच छापले जाते, हे ओळखून बाबासाहेबांनी १९२० साली ‘मूकनायक’ काढला. आज तीच गोष्ट चित्रफितीची आहे. सहा डिसेंबरला चैत्यभूमीवर येणारा माणूस पुस्तके विकत घेऊन जातो. वाहिन्यांवर मात्र वर्षानुवर्षे गर्दी आणि कचराच दिसत आला. कॅमेऱ्याने पुस्तकेही टिपली असतील, पण ती कापली कुणी?

कापणारा तो संकलक. शेकडो तासांच्या चित्रणातून काय राहील आणि काय जाईल, हे तोच ठरवतो. म्हणून अमेरिकेतील कृष्णवर्णीय संकलक सॅम पोलार्ड यांची वाटचाल आपण समजून घेतली पाहिजे.

पोलार्ड न्यूयॉर्कच्या हार्लेम भागातले. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला तिथल्या एका सार्वजनिक दूरचित्रवाणी केंद्राने अल्पसंख्याक तरुणांसाठी प्रशिक्षण वर्ग चालवला. पोलार्ड या धंद्यात शिरले ते त्या दारातून. विशेष संधी दिली की गुणवत्ता बुडते, असे ओरडणाऱ्यांनी पुढचे वाचावे.

१९६३ साली बर्मिंगहॅमच्या चर्चमध्ये वर्णद्वेष्ट्यांनी बाँब ठेवला आणि चार कृष्णवर्णीय मुली ठार झाल्या. त्यावरचा ‘फोर लिटल गर्ल्स’ हा माहितीपट स्पाइक ली यांनी १९९७ साली दिग्दर्शित केला; संकलन पोलार्ड यांचे. वर्णभेदाचा पुरस्कर्ता, अलाबामाचा माजी गव्हर्नर जॉर्ज वॉलेस त्यात म्हातारपणी दिसतो. आपल्या कृष्णवर्णीय सेवकाला जवळ ओढून तो ‘हा माझा जिवलग मित्र’ असे सांगत राहतो. सेवकाचा अवघडलेला चेहरा पडद्यावर तसाच ठेवला आहे. एका शब्दाचे भाष्य नाही, तरी वॉलेस उघडा पडतो. याला म्हणतात संकलन! हा माहितीपट ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला. पोलार्ड यांनी न्यूयॉर्क विद्यापीठात शिकवलेही.

त्याच १९९७ सालच्या ११ जुलैला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात आपले दहा जण गेले. आनंद पटवर्धन यांनी चौदा वर्षे खपून ‘जय भीम कॉम्रेड’ केला, त्याचे संकलनही स्वतः केले. ते ऋण आपण मानतोच. पण रमाबाई नगरची कहाणी रमाबाई नगरच्या पोराने संकलित करावी, हा दिवस कधी उजाडणार?

आणखी एक धडा. अमेरिकेच्या नागरी हक्क लढ्यावरील ‘आइज ऑन द प्राइज’ या गाजलेल्या मालिकेच्या दुसऱ्या पर्वातही पोलार्ड यांचे काम आहे. त्यातील जुन्या चित्रणाच्या वापराचे परवाने संपले आणि नूतनीकरणाला पैसा नव्हता, म्हणून ती मालिका बरीच वर्षे पडद्याबाहेर राहिली. लढा त्यांचा, रक्त त्यांचे, पण चित्रणाची मालकी दुसऱ्यांची!

आपले चित्रण आज हजारो मोबाइलमध्ये विखुरले आहे. ते जमवा, तारीख-ठिकाण लिहून जपा. जयंतीच्या डीजेवर उधळला जाणारा पैसा थोडा वाचवून विहारात एक संगणक आणि एक शिकवणारा आणा. लेखणी आपण मिळवली. आता कात्रीही मिळवली पाहिजे.