पायरी चढू नये, हे सांगतो कोण?

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण गावात कोणाच्या तोंडी जास्त असते ते एकदा पाहावे. शेजाऱ्याचा बांध कोरून दोन गुंठे आत आलेला माणूस ती फार आवडीने म्हणतो. ज्याची जमीन गेली तो आधीच धास्तावलेला असतो. त्यात पारावरची मंडळी त्याला आजोबांच्या काळापासून चाललेल्या एखाद्या दाव्याची गोष्ट ऐकवतात आणि तो गप्प बसतो.

गोष्ट खोटी नसते. वाटपाच्या दाव्यात हुकूमनामा झाला तरी सारा भरणाऱ्या शेतजमिनीचे सरसनिरस वाटप कोर्ट स्वतः करत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 प्रमाणे ते काम जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते, तिथून तहसीलदार, मग भूमी अभिलेखची मोजणी. मोजणीच्या दिवशी एक भाऊ गैरहजर, दुसऱ्याची हरकत. इतर दाव्यांतही ताब्यासाठी वेगळी दरखास्त लावावी लागते आणि जिंकलेला माणूस बेलिफाची वाट बघत राहतो. दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढा, असे सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्ये बजावले. तेवढ्याने तालुक्याचे कोर्ट धावू लागले, असे कोणी म्हणणार नाही.

पण म्हण सांगणारे एक गोष्ट गाळतात. वेळ कोर्टाबाहेरही जातो, आणि बाहेर गेलेला वेळ कायदा कब्जेदाराच्या खात्यावर जमा करतो. 1963 च्या मुदत कायद्यात मालकीच्या आधारे ताबा मागायला 12 वर्षे आहेत. समोरच्याचा ताबा मालकाविरुद्ध झाल्यापासून ती मोजतात. ती उलटली की कलम 27 खाली मूळ मालकाचा हक्कच संपतो. असा कब्जेदार स्वतः वादी होऊन मालकी मागू शकतो, असेही सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये ठरवले. परवानगीने कसणाऱ्याला किंवा सामाईक खात्यातल्या भावाला हे इतके सोपे नाही, हे खरे. मात्र परवानगी होती हे सांगणारे म्हातारे साक्षीदार किती वर्षे पुरणार?

प्रत्येक दाव्यात मालकीचा काथ्याकूट होतो, हाही गैरसमजच. बळजबरीने हुसकावले असेल तर सहा महिन्यांच्या आत विशिष्ट साहाय्य कायद्याच्या कलम 6 खाली दावा लावता येतो. तिथे प्रश्न दोनच: ताबा तुमचा होता का, आणि तो कायद्याचा मार्ग सोडून काढला का. निकालावर अपील नाही. सरकारविरुद्ध तेवढी ही वाट चालत नाही. आता हे सहा महिने जातात कुठे? तलाठ्याकडे अर्ज, पोलिस ठाण्यात तक्रार, ‘हे दिवाणी प्रकरण आहे’ असे उत्तर, मग आमदारांना निवेदन. सगळ्याच्या पोचपावत्या लोक जपून ठेवतात. मुदत त्यांतल्या एकीनेही थांबत नाही.

‘सातबाऱ्यावर नाव आमचंच आहे’ म्हणून निर्धास्त राहणारेही भेटतात. महसूल संहितेच्या कलम 157 प्रमाणे ती नोंद खरी मानतात, पण उलट काही सिद्ध होईपर्यंतच. फेरफाराने मालकी मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे. कुळकायद्यासारखे विषय सोडले तर मालकी ठरवणार दिवाणी कोर्टच.

आपसात मिटवा म्हणतात, तर मिटवावेच. पण दावा लावून. दावाच नसेल तर कब्जेदाराला मिटवण्याची घाई कसली? मनाई हुकूम झाला, जमीन घ्यायला गिऱ्हाईक कचरू लागले, की तोच निरोप धाडतो. लोकअदालतीतल्या तडजोडीला हुकूमनाम्याचे बळ असते, त्यावर अपील नसते आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. वकिलाच्या पैशांची अडचण असेल तर स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना 1987 च्या विधी सेवा कायद्याखाली उत्पन्न न पाहता वकील मिळतो. त्यासाठी अर्ज करायचा तो तालुका विधी सेवा समितीकडे.