वेळेवर ताबा मिळवणारं ध्यान? आधी शटर उघडा!



गेल्या महिन्यातल्या ट्रेनिंगमध्ये नवीनच बेकरी सुरू केलेल्या एका ताईंनी विचारलं, "सर, वेळ पुरतच नाही. वेळेवर ताबा मिळवायचं एखादं मेडिटेशन असतं म्हणे, ते शिकवा ना." बॅचमधले अर्धे लोक हसले आणि उरलेल्या अर्ध्यांनी पेन काढलं!

खोटं कशाला बोलू, हा मोह मलाही झालाय. लहानपणी मी ड्रॅगन बॉल झी बघायचो. त्यात एक खोली आहे. बाहेर एक दिवस जातो तेव्हा आत एक वर्ष जातं. हिरो आत जातो, वर्षभर सराव करतो आणि दुसऱ्या दिवशी तयार होऊन बाहेर येतो. धंदा सुरू केल्यावर वाटायचं, आपल्याला अशी खोली मिळाली तर स्टॉक, हिशोब, मार्केटिंग सगळं एका दिवसात उरकेल.

मग मी ती खोली विकतही घेतली! ४,९९९ रुपयांचा ऑनलाइन कोर्स होता. २१ दिवस, रोज सकाळी ९ ते ९.४०. डोळे मिटायचे, घड्याळाचे काटे थांबलेत अशी कल्पना करायची, म्हणजे दिवस "लांब होतो." आमचं स्टेशनरीचं दुकान, महिना जूनचा. शाळा उघडायचे दिवस, आणि मी अर्धं शटर ओढून आत ध्यान लावून बसलेलो.

एके सकाळी एका शाळेचे सर हजेरी रजिस्टरांची वर्षाची ऑर्डर घेऊन आले. अर्धं शटर बघून ते समोरच्या दुकानात गेले. ती ऑर्डर आजतागायत परत आलेली नाही. त्याच महिन्यात जीएसटीचं 3B रिटर्न भरायची २० तारीख हुकली. सहा दिवस उशीर, रोजचे ५० रुपये, म्हणजे ३०० रुपये लेट फी आणि वर व्याज. ३०० रुपयांचं दुःख नाही हो, शाळेचं आहे. आप्पा एवढंच म्हणाले, "डोळे मिटून बस, माझी हरकत नाही. पण शटर मिटून बसू नकोस."

तेव्हा मला भागवतातली ककुद्मी राजाची गोष्ट आठवली. मुलगी रेवती हिच्यासाठी स्थळ विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकात गेला. तिथे गंधर्वांचं गाणं चाललं होतं, म्हणून राजा थोडा थांबला. गाणं संपल्यावर त्याने मनातल्या मुलांची नावं सांगितली, तर ब्रह्मदेव हसले. तेवढ्या वेळात पृथ्वीवर २७ चतुर्युगं उलटली होती! एक चतुर्युग ४३,२०,००० वर्षांचं, म्हणजे गुणाकार केला तर ११ कोटींच्या वर वर्षं. यादीतली मुलं सोडा, त्यांचे वंशसुद्धा उरले नव्हते. शेवटी रेवतीचं लग्न बलरामाशी झालं.

माझ्या मते आपल्या पुराणातली ही गोष्ट त्या कार्टूनपेक्षा जास्त खरी आहे. राजाने काही चूक केली नव्हती, फक्त "एवढं गाणं होऊ दे" म्हणाला. आपण "एवढं रील होऊ दे" म्हणतो. तुम्ही कुठेही रमलात तरी बाहेरचं घड्याळ थांबत नाही. गिऱ्हाईक, तारखा, हप्ते तुमच्या समाधीची वाट बघत नाहीत.

याचा अर्थ ध्यान वाईट असा नाही. इगतपुरीच्या धम्मगिरीला दहा दिवसांचं विपश्यना शिबिर होतं. तिथे फी नाही, शिबिर पूर्ण केलेल्यांच्या दानावर ते चालतं. तिथे मन बघायला शिकवतात, दिवस २५ तासांचा करून देतो असं कुणी म्हणत नाही. शांत मन मिळतं, ते घ्या. मीही सकाळी सहाला दहा मिनिटं बसतो. पण जो "वेळेवर ताबा" विकतो, तो तुमची घाई विकत घेतोय, एवढं ओळखा.

मग माझा वेळ कुठे सापडला? दोनशे पानी वहीत. सात दिवस दर तासाला एक ओळ लिहिली, मागचा तास कशात गेला. आठवड्याने बघितलं तर काय! होलसेलरला दिवसातून पाच-सहा फोन, सुट्ट्या पैशांसाठी शेजारी चकरा, आणि स्टेटस बघणं तर विचारूच नका. उपाय साधे निघाले. संपलेला माल वहीत लिहायचा, संध्याकाळी एकच फोन. सुटे पैसे सोमवारी एकदाच आणायचे. रिटर्नच्या तारखा कॅलेंडरवर लाल पेनने, आणि काम तारखेच्या तीन दिवस आधी. दुपारी दोनला गर्दी नसते, तेव्हा वीस मिनिटं फोन ड्रॉवरमध्ये आणि हिशोब समोर. हेच माझं ध्यान, शटर पूर्ण उघडं ठेवून!

त्या बेकरीवाल्या ताईंना मी हेच सांगितलं. त्यांनी वही भरली. केकची प्रत्येक चौकशी त्या फोनवर वेगळी समजावत होत्या. आता रेटकार्डचा एक फोटो पाठवतात.

तुम्हीही उद्यापासून सात दिवस वही भरा. आठव्या दिवशी त्यातली एक ओळ, फक्त एकच, कायमची खोडा. कोणती खोडली ते मला नक्की कळवा.

भेटू पुढच्या व्हिडिओत. धंदा करा, मनापासून करा!